गाण्याचा इतिहास लिवून पोट भरते काय?



इथे आपण सगळे आठवणी लिहितो. कोणी शाळेच्या लिहितं, कोणी तिगाव स्टेशनावरच्या पॅसेंजरच्या, कोणी संत्र्याच्या बगीच्याच्या. मीही आठवणच लिहिणार आहे, पण आज राग आला म्हणून लिहितो आहे. तो जितका दुसऱ्यांचा आहे तितकाच माझा स्वतःचाही आहे. पोस्ट लांब आहे, चहा घेऊन बसा.

मागच्या महिन्यात नात्यातल्या एका साक्षगंधाला गेलो होतो. सोबत माझी पुतणी होती. नागपूरला संगीतात एम.ए. केलं, आता पुण्याला असते. जुन्या गायकांवर, वाद्यांवर, गावोगावच्या गाण्यांवर माहितीपट निघतात, त्यांचं संशोधन करते आणि संहिता लिहिते. पुढे स्वतःचे माहितीपट काढायचे असं तिच्या मनात आहे. पंगत उठली, पान-सुपारी सुरू झाली आणि एका पाहुण्यांनी तिला विचारलं, "काय करतं वो बाई तू?"

तिनं नीट सांगितलं. पाहुणे म्हणाले, "म्हणजे नोकरी नाही." ती म्हणाली, "आहे काका, पण एका जागी बसून नाही." त्यावर पाहुण्यांनी सगळ्या मांडवाला ऐकू जाईल असं विचारलं, "गाण्याचा इतिहास लिवून पोट भरते काय?"

सगळे हसले. मीही हसलो.

परतताना गाडीत ती एक शब्द बोलली नाही. सकाळी चहा देताना तिनं मला एवढंच विचारलं, "काका, मोठ्या आजोबांच्या वह्या कुठे आहेत?"

आता त्या वह्यांचं सांगतो.

माझ्या वडिलांचे थोरले भाऊ, आम्ही त्यांना मोठे बाबा म्हणत होतो, खडी गंमतीत शाहीर होते. आजच्या पोरांना खडी गंमत माहीत नाही म्हणून थोडक्यात सांगतो. उभं राहून करायचा खेळ, म्हणून खडी. पडदा नाही, रंगमंच नाही. चौकात लोक गोल बसायचे, मधे ढोलकी, डफ, तुणतुणं, चोनकं. साडी नेसलेला नाच्या. आधी गण, मग गवळण, मग लावणी, मग सवाल-जवाब. एक पार्टी तुऱ्याची, दुसरी कलगीची. रात्री जेवणं झाली की सुरू व्हायचं आणि कोंबडा आरवेपर्यंत चालायचं. मोठ्या बाबांचं शिक्षण चौथी. पण सवालाला जवाब उभ्या उभ्या जोडायचे आणि घरी आले की कंदिलाशी बसून वहीत उतरवून ठेवायचे. अशा अकरा वह्या होत्या. लाल कापडात बांधलेल्या, माळ्यावर.

ते गेले, त्यानंतर काही वर्षांनी घराची वाटणी झाली. त्या साली संत्रा भरपूर होता. पेट्या भरायला तणस होतं, पण कागद कमी पडला. पेटीत खाली आणि वर कागद लागतो, हे आपल्याकडे कोणाला सांगायला नको. मजुरानं विचारलं, "भाऊ, हे कागद घेऊ काय?" मी माळ्याकडे पाहिलं आणि म्हणालो, "घे."

मंडळी, मोठ्या बाबांची गाणी संत्र्याखाली अंथरून मंडीत गेली. पाठवणारा मी. तेव्हा माझं वय पस्तिशीचं होतं, पदवीधर होतो, सरकारी नोकरीत होतो. अडाणी नव्हतो.

पुतणीला हे सांगितलं. ती रागावली नाही, रडली नाही. तिनं फक्त विचारलं, "एखादं तरी पान आहे का?" नाही. एकही नाही.

म्हणून मला त्या पाहुण्यांना, आणि त्यांच्यासोबत हसणाऱ्या आपल्या सगळ्यांना, उत्तर द्यायचं आहे.

आधी पोटाचं बोलू, कारण प्रश्न खोटा नाही. लेकरांच्या पोटाची काळजी मोठ्या माणसांनी करायचीच. संगीताचा इतिहास लिहून बंगला होतो असं मी म्हणणार नाही. पण हे काम ज्यांनी केलं त्यांनी पोट कसं भरलं, हे तरी एकदा पाहा.

पंडित विष्णु नारायण भातखंडे. जन्म १८६०, मुंबईच्या वाळकेश्वरचे. शिक्षणानं वकील. आज हिंदुस्थानी संगीत शिकणारं कोणतंही पोर ज्या दहा थाटांपासून सुरुवात करतं, ते थाट त्यांनी मांडले. वकिली बाजूला ठेवून हा माणूस देशभर हिंडला. दक्षिणेत गेला, उत्तरेत गेला, संस्थानांत गेला, उस्तादांच्या उंबऱ्यावर बसला, ग्रंथ उतरवून घेतले, बंदिशी लिहून घेतल्या. त्यातून 'हिंदुस्थानी संगीत पद्धती' आणि क्रमिक पुस्तकांचे सहा भाग उभे राहिले. हजाराहून जास्त बंदिशी स्वरलिपीसकट छापल्या गेल्या. आणि लक्षात घ्या, 'हिंदुस्थानी संगीत पद्धती' हा ग्रंथ मुळात मराठीत लिहिला आहे. १९१६ साली बडोद्याला पहिली अखिल भारतीय संगीत परिषद भरली ती त्यांच्या खटपटीनं. १९१८ साली ग्वाल्हेरला, म्हणजे आपल्याच मध्य प्रदेशात, माधव संगीत महाविद्यालय सुरू झालं ते त्यांच्या आखणीवर. १९२६ साली लखनौचं कॉलेज. यांना कोणी मांडवात विचारलं असेल का, "वकीलसाहेब, पोट भरते काय?" विचारलंही असेल. त्यांनी काम थांबवलं नाही, एवढं आपल्याला माहीत आहे.

पुढे या. प्रा. बी. आर. देवधर. मुंबईत संगीताची शाळा चालवली, कुमार गंधर्वांसारखा शिष्य घडवला, आणि सोबत 'थोर संगीतकार' हे पुस्तक लिहिलं. उस्तादांना भेटून, त्यांच्याशी बोलून, त्यांच्या लकबी टिपून. ते लिहिलं नसतं तर त्यातले कित्येक गवई आज फक्त नावापुरते उरले असते.

डॉ. अशोक दा. रानडे. स्वतः गायचे, मुंबई विद्यापीठाच्या संगीत केंद्राचे संचालक होते. त्यांनी शास्त्रीय संगीतावर लिहिलं, नाट्यसंगीतावर लिहिलं, सिनेमाच्या गाण्यांवर लिहिलं, आणि 'लोकसंगीतशास्त्र' नावाचं पुस्तकही लिहिलं. म्हणजे गावच्या गाण्यालाही शास्त्र असतं, असं सांगणारा माणूस विद्यापीठात बसला होता. मोठ्या बाबांच्या वह्या तेव्हा आमच्या माळ्यावर होत्या.

सुरेश चांदवणकर. टाटा मूलभूत संशोधन संस्थेत वैज्ञानिक. जुन्या तबकड्यांचं वेड. १९९० साली मुंबईत ध्वनिमुद्रिका संग्राहकांची संस्था सुरू झाली, तिचं काम त्यांनी वर्षानुवर्षं ओढलं. १९०२ साली कलकत्त्याला गौहरजानचं गाणं पहिल्यांदा तबकडीवर चढलं. तिथपासूनच्या तीन-तीन मिनिटांच्या तबकड्या भंगारातून, चोरबाजारातून, वाड्यांच्या अडगळीतून वाचवून त्यांची यादी करणारी ही मंडळी. नोकरी एक आणि हे काम दुसरं.

डॉ. जब्बार पटेल. शिक्षणानं डॉक्टर. कुमार गंधर्वांवर 'हंस अकेला' हा माहितीपट त्यांनी केला.

आणि अंजली कीर्तने. माझ्या पुतणीच्या टेबलावर त्यांची पुस्तकं असतात म्हणून मलाही माहीत झाल्या. आनंदीबाई जोशींवर पुरावे शोधत शोधत मोठं चरित्र लिहिलं. मग 'गानयोगी' पंडित द. वि. पलुसकरांवर पुस्तकही लिहिलं आणि माहितीपटही काढला. दुर्गा भागवतांवरही तसंच, पुस्तक आणि माहितीपट दोन्ही. माझी पुतणी ज्याला काम म्हणते ते हेच.

पलुसकरांचं उदाहरण नीट समजून घ्या, म्हणजे हे काम काय असतं ते कळेल. बापूराव पलुसकर १९५५ साली गेले. वय अवघं ३४. 'बैजू बावरा' सिनेमात अमीर खाँसाहेबांसोबत त्यांचा आवाज आहे, पण पडद्यावर ते नाहीत. अशा माणसावर अर्ध्या शतकानंतर माहितीपट काढायचा म्हणजे दाखवायचं काय? फोटो शोधा, पत्रं शोधा, तबकड्या शोधा, ज्यांनी समोर बसून ऐकलं ते म्हातारे गाठा. एक म्हणतो कार्यक्रम या साली झाला, दुसरा म्हणतो त्या साली. मग जुनी वर्तमानपत्रं उलटा. संहिता लिहा. जुन्या ध्वनिमुद्रणाचे हक्क कोणाकडे आहेत ते शोधा. आपल्या कायद्यात ध्वनिमुद्रणाचा हक्क प्रसिद्धीपासून साठ वर्षं चालतो, त्यामुळे पाच मिनिटांच्या गाण्यासाठी कधी पाच महिने पत्रव्यवहार होतो. मग चित्रण, संकलन, निवेदन. आणि हे सगळं पैसे गोळा करत करत. पडद्यावर आपल्याला दिसतो एक तास. त्याच्या मागे वर्षं असतात.

तर पाहुणे, हिशेब असा आहे. यात वकील आहे, शाळा चालवणारा आहे, प्राध्यापक आहे, वैज्ञानिक आहे, डॉक्टर आहे. बहुतेकांनी पोटासाठी एक हात दुसरीकडे ठेवला. म्हणजे तुमच्या प्रश्नात थोडं खरं आहे, मी मान्य करतो. या कामाला महिन्याच्या एक तारखेचा पगार क्वचित असतो. पण यातून निष्कर्ष काय काढायचा? पोरीनं काम सोडावं, की समाजानं तिला हात द्यावा? लग्नात बँडवाल्याला, डीजेला जेवढे पैसे आपण एका रात्रीत मोजतो, त्याच्या चौथाईत एका शाहिराचं पूर्ण ध्वनिमुद्रण होतं. पैसे नाहीत असं मला सांगू नका. मी स्वतः वरातीत नोटा ओवाळल्या आहेत.

दुसरा आक्षेप मला आपल्याच शिकलेल्या लोकांकडून ऐकायला मिळतो. "अहो, ते भातखंडे-पलुसकर शास्त्रीय संगीताचे. आपलं गावठी. याचा कसला इतिहास?"

हे बोलणाऱ्यांना देवासला पाठवलं पाहिजे. कुमार गंधर्व १९४८ साली मध्य प्रदेशात देवासला राहायला आले, ते क्षयानं आजारी होऊन. गाणं बंद. खाटेवर पडल्या पडल्या कानावर काय पडायचं? माळव्यातल्या बायाबापड्यांची गाणी, जोगी-भजन्यांची भजनं. त्या धुना त्यांनी मनात साठवल्या, बरे झाल्यावर जमवल्या आणि त्यातून 'धुनउगम' राग बांधले. देशातला एवढा मोठा गवई पदर खोचून काम करणाऱ्या बायांचं गाणं कान देऊन ऐकतो, आणि आपण आपल्या घरच्या आत्याबाईला म्हणतो, "टीव्ही चालू आहे, हळू म्हण."

दुसरं उदाहरण राजस्थानचं. जोधपूर जिल्ह्यात बोरुंदा नावाचं खेडं आहे. तिथे कोमल कोठारी आणि विजयदान देथा या दोघांनी १९६० साली रूपायन संस्थान काढलं. गावोगाव जाऊन लंगा आणि मांगणियार गायकांची गाणी ध्वनिमुद्रित केली. ज्यांना गावात मागून खाणारे म्हणायचे, ते गायक पुढे जगभरच्या मंचांवर गेले. हे कुठून झालं? दिल्लीहून नाही, बोरुंद्याहून. तिगाव त्याहून लहान आहे का? आपल्याकडे तर रेल्वे स्टेशनही आहे.

तिसरं महाराष्ट्राचं. हेमा राईरकर आणि गी पॉइटव्हॅँ यांनी पुणे जिल्ह्यातल्या डोंगरी गावांपासून सुरुवात करून जात्यावरच्या ओव्या जमवल्या. एक लाखाहून जास्त! आणि प्रत्येक ओवीसोबत म्हणणाऱ्या बाईचं नाव आणि गाव. ही गोष्ट माझ्या डोक्यात घर करून बसली आहे. एक लाख ओव्या, आणि बाईचं नाव सुटलं नाही. आपल्याकडे मोठ्या बाबांचं नाव किती जणांना आठवतं?

तिसरा आक्षेप सगळ्यात चुकीचा आहे. "महाराष्ट्रातले लोक करतीलच की."

नाही करणार. त्यांना दोष देत नाही, पण नाही करणार. १ नोव्हेंबर १९५६ ला रेषा पडली. नागपूर ही तोवर आपली राजधानी होती. विदर्भाचे आठ जिल्हे तिकडे गेले, आपण इकडे राहिलो. तेव्हापासून मध्य प्रदेशात आपण मराठीवाले आणि महाराष्ट्रात एमपीवाले. मुंबई-पुण्याचा माहितीपटवाला लोकसंगीत म्हटलं की कोल्हापूर, सोलापूर, कोकण करतो. फारच झालं तर नागपूर-भंडाऱ्यापर्यंत येतो. झाडीपट्टीत डॉ. हरिश्चंद्र बोरकरांसारख्यांनी तिथल्या बोलीसाठी आणि लोकरंगभूमीसाठी आयुष्य घातलं, तो त्यांच्या मातीतला माणूस होता म्हणून. भोपाळवाला लोकसंगीत म्हटलं की माळवा, निमाड, बुंदेलखंड, बघेलखंड करतो, गोंड-भिलांकडे जातो. वरूड-मोर्शीसारखी वऱ्हाडी बोलणारे, पण पावती हिंदीत फाडणारे आपण त्याच्या यादीत नेमके कुठे बसतो? दोन्ही घरचा पाहुणा उपाशी म्हणतात, ते हे.

आणि कॅमेरे आपल्याकडे येत नाहीत असंही नाही. दरवर्षी येतात. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी जांब नदीवर, पांढुर्णा आणि सावरगावच्या मधे गोटमार असते, तेव्हा देशभरचे कॅमेरे काठावर उभे असतात. नदीत पळसाचं झाड, त्यावर झेंडा, दोन्हीकडून दगड, फुटलेली डोकी. संध्याकाळी बातमी, दुसऱ्या दिवशी विसर. वर्षाचे बाकीचे ३६४ दिवस आपण कोणाला दिसत नाही. पण गोटमारीच्या आदल्या दिवशी काय असतं? पोळा. तोरणाखाली बैल उभे, शिंगांना बेगड, पाठीवर झूल, आणि एकेक म्हातारा पुढे येऊन झडती म्हणतो. त्यात महादेव आहे, पार्वती आहे, सावकाराला टोमणा आहे, सरपंचाला चिमटा आहे, यंदाच्या पावसाचा हिशेब आहे. शेवटी सगळं गाव एका आवाजात महादेवाचा गजर करतं. त्या झडत्या कोणाच्या कॅमेऱ्यात आहेत? एका दिवसानं उशिरा येतात सगळे. बाहेरच्यांना दगड पाहिजे, त्यांचं समजू शकतो. आपण तर आदल्या दिवशीही तिथेच असतो ना?

हे दुसरं कोणी करणार नाही. आपल्यातलीच एखादी पोर करायला उभी राहिली, तर आपण तिला भर मांडवात हसतो.

चौथा आक्षेप तरुणांचा. "काका, आता मोबाईलमध्ये सगळं आहे." काय आहे? माझ्याच मोबाईलमध्ये भजनाचे चाळीस व्हिडिओ आहेत. कोणी म्हटलं, कोणत्या गावचं मंडळ, कोणत्या साली, पद कोणाचं, चाल कोणाकडून आली, एकाचंही मला सांगता येत नाही. फॉरवर्ड होता होता आवाज फाटला तो वेगळाच. हे जमवणं झालं, इतिहास नाही झाला. धान्य अंगणात पडलं म्हणजे कोठी भरली असं होत नाही. निवडावं लागतं, मापावं लागतं, कुठलं ते लिहून ठेवावं लागतं. ती मेहनत करणाऱ्याला संगीताचा इतिहासकार म्हणतात. आणि ते चारचौघांना समजेल असं दाखवणाऱ्याला माहितीपटकार. माझी पुतणी ही दोन्ही कामं शिकते आहे.

घाई का, तेही सांगतो. आपल्या घरातली नातवंडं हिंदी शाळेत जातात, काही इंग्रजी. मराठी त्यांना बोलता येतं, वाचता येतंच असं नाही. "तिफन", "वखर", "मोट", "सरवा" हे शब्द त्यांनी ऐकलेले नाहीत. उद्या भुलाबाईचं गाणं त्यांना मिळालं तरी त्यातलं अर्धं कळणार नाही, आणि अर्थ सांगणारं माणूस तेव्हा राहणार नाही. राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांची खंजिरी भजनं आपल्याकडे गावोगाव म्हणत होते. त्या मंडळांतले जुने गळे आता दोन-तीन उरले आहेत. ऐंशी-नव्वदच्या दशकात आपण टेपरेकॉर्डरवर जे भरून ठेवलं, त्या कॅसेटींना बुरशी लागते आहे, फीत चिकटते आहे. मूळ माणूस आणि मूळ फीत, दोघांचीही मुदत संपत आली आहे.

२०२३ साली पांढुर्णा स्वतंत्र जिल्हा झाला. पांढुर्णा आणि सौसर, दोन तहसिली. आपण फटाके फोडले. नवा जिल्हा झाला की कलेक्टर ऑफिस होतं, एसपी ऑफिस होतं. माझं म्हणणं आहे की एक खोलीही झाली पाहिजे. एक कपाट, एक संगणक, एक माणूस. त्यात या जिल्ह्याचा आवाज राहील. मराठीचा, हिंदीचा, पवारीचा, गोंडीचा, सगळ्यांचा. शासन देईल तेव्हा देईल. तोवर आपल्यापैकी कोणाच्या घरी सुरुवात व्हायला काय हरकत आहे? सभागृहाला देणगी देताना दगडावर नाव कोरून घेतो, तसं या कपाटावर कोरून घ्या, माझी ना नाही.

पुतणीनं मला चार गोष्टी शिकवल्या, त्या इथे देतो. कोणालाही जमतील.

एक. ध्वनिमुद्रण करताना पंखा, टीव्ही, फ्रीज बंद. मोबाईल वीतभर अंतरावर, उशीवर ठेवून. आधी नाव, गाव, तारीख बोलून घ्या. मग गाणं.

दोन. गाणं झाल्यावर तीन प्रश्न विचारा. कोणाकडून शिकलात? केव्हा म्हणत होते? यातला हा शब्द म्हणजे काय? पुतणी म्हणते, खरा इतिहास या तीन उत्तरांत असतो.

तीन. मूळ फाईल तशीच ठेवा, व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवलेली नको, तिचा आवाज दाबला जातो. तीन ठिकाणी ठेवा, त्यातलं एक ठिकाण दुसऱ्या गावी.

चार. म्हणणाऱ्याला विचारून ठेवा, हे लोकांना ऐकवलं तर चालेल काय. गाणं त्यांचं आहे, आपण फक्त राखणदार.

आणि पाचवी माझी. घरात जुन्या वह्या, कॅसेटी, कार्यक्रमपत्रिका, फोटो काही असेल तर कागद कमी पडला म्हणून देऊ नका. माझ्याकडे पाहा आणि देऊ नका.

मी सुरुवात केली आहे. माझी आत्या ८६ वर्षांची आहे. पुतणी पुण्याला परत जाण्याआधी दोन दुपारी तिच्याजवळ बसली. भुलाबाईची, जात्यावरची, लग्नातली, मिळून तेवीस गाणी निघाली. काही अर्धी, काहींची चालच आठवली, शब्द गेले. तिसऱ्या दिवशी सकाळी आत्यानं स्वतःच निरोप पाठवला, "पोरीले सांगा, रातच्याला आणिक दोन आठवले." आणि गाता गाता मधेच थांबून ती म्हणाली, "हा जवाब तं दादाचा होय." दादा म्हणजे मोठे बाबा. चार ओळींचा एक जवाब, तिच्या डोक्यात साठ-सत्तर वर्षं राहिलेला. अकरा वह्यांतून मी जे घालवलं, त्यातल्या चार ओळी माझ्या आत्यानं राखल्या होत्या. तिला कोणी विचारलंच नव्हतं. एकाच घरात जेवत होतो आम्ही.

आता त्या पाहुण्यांना शेवटचं. ही पोस्ट तुम्ही वाचणार आहात, मला माहीत आहे. राग मानू नका, वयानं तुम्ही मोठे आहात. तुमचा प्रश्न होता, गाण्याचा इतिहास लिवून पोट भरते काय. उत्तर ऐका. अर्धं भरते. उरलेलं अर्धं भरायची जबाबदारी तुमची-माझी आहे, कारण ती पोर जे राखते आहे ते तिच्या एकटीचं नाही. आणि मी हसलो, त्याबद्दल तिची माफी मी घरी मागितली आहे, इथे सगळ्यांसमोर पुन्हा मागतो.

पुढच्या महिन्यात लग्नाला आपण भेटणारच. येताना एक करा. तुमच्या मातोश्री लग्नात हळदीची गाणी म्हणायच्या, ते मला लहानपणापासून आठवतं. त्यातलं एखादं तुमच्या बहिणीला येतं काय, तेवढं विचारून या. पोरगी लग्नाला येणार आहे. मशीन घेऊन येणार आहे.